मलबार हिलच्या रहिवाशांना खुले पत्र : एक हरकत लिहून पाहिजे

प्रति,
मलबार हिलवरचे सर्व रहिवासी,
मग ते बंगल्यातले असोत, टॉवरमधले असोत की बाणगंगेच्या काठच्या जुन्या घरांतले,
मुंबई.

विषय : अर्धी उरलेली टेकडी.

महोदय, महोदया,

माझा धंदाच अर्ज लिहिण्याचा आहे. वर्धा जिल्ह्यातल्या एका गावात, बस थांब्याच्या बाजूला माझं सेवा केंद्र आहे. एक कम्प्युटर, एक प्रिंटर, आणि लाइन गेली की अर्धा तास दम धरणारी एक जुनी बॅटरी. पीक विमा, सातबारा, उत्पन्नाचा दाखला, निराधारचा फॉर्म, सगळं इथूनच जाते. घरची पाच एकर पऱ्हाटी, म्हणजे कापूस, आहे, ती बायको पाहते. मी अर्ज पाहतो. कलेक्टरला काय मायना लिहायचा, बीडीओला काय, विजेच्या साहेबाला काय, हे मला झोपेतही विचारा. पण तुम्हाला काय लिहावं यावर दोन दिवस अडून बसलो. तुम्ही साहेब नाही, शासन नाही, आमच्या मतदारसंघातले नाही. ओळख तर नाहीच नाही. एवढंच सारखं की तुम्ही टेकडीवर राहता आणि आमच्याही गावाला एक टेकडी आहे. होती म्हणा. म्हणजे अर्धी आहे.

मागच्या वर्षी दिवाळीनंतर मला मुंबईला यावं लागलं. पहिल्या वेचणीचा कापूस विकला होता, हातात चार पैसे होते. टेकडीच्या कागदांची फाइल घेऊन एका मोठ्या कार्यालयात जायचं होतं. रात्रभर विदर्भ एक्स्प्रेसमध्ये बसून सकाळी सीएसएमटीला उतरलो तर कळलं, आमच्यासारख्यांना आत सोडतात ते दुपारी. सोबत भाचा होता, नागपूरला शिकते तो. म्हणाला, "मामा, इथं बसून काय करतं? चाल, तुले म्हातारीचा बूट दाखवतो."

तुमच्या टेकडीवरच्या बागेतला तो बूट पाहिला. बरा आहे. पण भाच्याला खरं दाखवायचं होतं ते दुसरंच. त्यानं मोबाइलवर तिकिटं काढून ठेवली होती, माणशी २५ रुपये, आणि आत शिरायची वेळसुद्धा ठरलेली. मार्च २०२५ मध्ये सुरू झालेला तुमचा तो लाकडी रस्ता, ४८२ मीटरचा, टेकडीच्या उतारावरून झाडांच्या गर्दीतून जाणारा. जंगलातून मी आयुष्यभर चाललो, पण जंगलाच्या वरून चालायची ही पहिलीच वेळ. खाली पाचोळा पडून होता आणि त्याला कोणी हात लावत नव्हतं. आमच्याकडे एवढा पाचोळा दिसला असता तर बाया टोपले घेऊन आल्या असत्या. पुढं एके ठिकाणी पायाखाली काच आहे. तिथं उभं राहून भाच्यानं चौपाटीचे फोटो काढले, माझाही एक काढला. मी त्यात खाली पाहून राहिलो आहे. मला मातीचा रंग पाहायचा होता.

तिथल्या गार्डला मी एक प्रश्न विचारला. तो परप्रांतातला होता, म्हणून हिंदीत विचारला, की इथला मुरूम कोण नेते. त्यानं मला चपलेपासून टोपीपर्यंत पाहिलं आणि म्हणाला, "यहाँ कौन खोदेगा, चाचा?"

दुपारी त्या मोठ्या कार्यालयात गेलो. टेबलावरची बाई भली होती. तिनं फाइल चाळली, रजिस्टर उघडलं आणि विचारलं, "ठिकाणाचं नाव?" मी गावाचं नाव सांगितलं. "ते लिहिलं. टेकडीचं नाव?" मी म्हणालो, टेकडी. "हो, पण तिला काही नाव असेल ना?" नाही बाई, टेकडीच म्हणतात. तिनं त्या रकान्यात एक आडवी रेघ मारली.

तुमच्याकडे प्रत्येक वळणाला नाव आहे. रिज रोड, मलबार पॉइंट, वाळकेश्वर, हँगिंग गार्डन. बागेला फिरोजशहा मेहतांचं नाव आहे, ते पाटीवर आहे आणि लोक तरी हँगिंग गार्डनच म्हणतात, म्हणजे एका जागेला दोन दोन नावं. तळ्याला बाणगंगा हे नाव आहे, आणि ते रामाच्या बाणापर्यंत जाते. आमच्या टेकडीच्या रकान्यात रेघ.

टेकडी मोठी नव्हती. एक बिडी संपायच्या आत माथ्यावर, असं आमचा गायकी, म्हणजे गावची ढोरं राखणारा, सांगे. पायथ्याला सीताफळं आणि बोरी, मधल्या पट्ट्यात पळस, धावडा, टेंभरून, आणि माथ्यावर मोहाची दोन झाडं आणि शेंदूर लावलेला एक गोटा. पोळ्याला दारात लावायचे पळसाचे मेढे तिथूनच यायचे. पावसाळ्यात टेकडीवरचं पाणी नाल्यात उतरे, आणि नाल्याच्या काठच्या सहा-सात विहिरींना मार्चपर्यंत पाण्याची काळजी नसे. रोही, म्हणजे नीलगायी, आणि डुकरं टेकडीपलीकडे राहत. रात्री एखाद्या शेतात येत, नाही असं नाही, पण सकाळी आपल्या जागी परत जात. आता त्यांना परत जायला जागा नाही, तर ते आमच्या चण्यातच मुक्कामाला असतात.

कागदावर या टेकडीचं काय आहे ते मी तहसीलमधून नकला काढून पाहिलं. अर्धी बाजू एका कास्तकाराच्या गटात. सातबाऱ्यावर तिच्यासाठी एकच शब्द आहे, पोटखराब, म्हणजे पिकाला न येणारी. दुसरी बाजू झुडपी जंगल. हे झुडपी जंगल तुमच्याकडे नसावं, म्हणून सांगतो. जुन्या मध्य प्रांताच्या महसुली कागदांतून ते आमच्या पूर्वेकडच्या सहा जिल्ह्यांत आलं. जिथं मोठं झाड उगवत नाही, झुडपं आहेत, ढोरं चरतात, अशी सरकारी जमीन. ती जंगल आहे की नाही यावर कितीतरी वर्षं कागद इकडून तिकडे फिरत होते. शेवटी २२ मे २०२५ ला सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की ती जंगलच. विदर्भातली मिळून ८६,४०९ हेक्टर. निकाल आला तेव्हा आमच्या झुडपी जंगलाचा बराचसा भाग रस्त्याखाली जाऊन बसला होता.

आणखी एक कागद सापडला, निस्तार पत्रक. गावातल्या मोकळ्या जमिनीवर गावाचा काय काय हक्क, चराई कुठं, सरपण कुठलं, घरापुरता मुरूम-गोटा कुठून घ्यायचा, ते त्यात लिहिलेलं असते. आमच्या पत्रकात टेकडीपुढं चराई आहे आणि गावकऱ्यांना घरकामापुरता मुरूम आहे. माझ्या आज्याचं घर त्याच मुरुमावर उभं आहे, दोन बैलबंड्यांच्या. घरकाम म्हणजे दोन बंड्या. ७०१ किलोमीटर नव्हे.

हा आकडा तुम्हाला ओळखीचा असेल. नागपूर ते मुंबई, समृद्धी महामार्ग. डिसेंबर २०२२ मध्ये नागपूर ते शिर्डी सुरू झाला, आणि ५ जून २०२५ ला शेवटचा तुकडा ठाणे जिल्ह्यातल्या आमण्यापर्यंत पोचला. रस्ता वाईट आहे असं मी म्हणणार नाही. आमच्या गावच्या एका बाईला रात्री नागपूरला नेलं ते त्याच रस्त्यानं, आणि ती वाचली. पण रस्ता जमिनीपासून उंच आहे, आणि ती उंची कुठून तरी यावी लागते. आमच्याकडून ती आली. मुरूम नेणारे हायवा ट्रक रात्री येत. आधी कुत्रे भुंकत, मग खाटेचे पाय हलत, मग उजेड भिंतीवरून सरके. एक गेला की दुसरा. परवानगी जेवढ्या ब्रासची होती तेवढा मुरूम पहिल्याच उन्हाळ्यात गेला असणार, असं आमच्या गावच्या मिस्त्रीचं मत, आणि मुरूम मोजण्यात त्याचा हात कोणी धरत नाही. परवानगी कास्तकाराच्या गटाची होती. खोदणाऱ्या पोकलॅन मशीनला गटाची हद्द दिसत नाही.

वेचणीच्या दिवसांत धूळ फुटलेल्या बोंडावर बसे. कापूस राखाडी दिसे. एक दिवस जिनिंगवर व्यापाऱ्यानं माझ्या गाडीतला मूठभर कापूस उचलला, फुंकला, बोटांत चोळला आणि म्हणाला, "काका, याच्यात तुमची टेकडीबी मोजू का?" सगळे हसले. मीही हसलो. मग त्यानं क्विंटलमागं भाव पाडला.

आता ती गोष्ट सांगतो जी सांगायला मला लाज वाटते, आणि जिच्यामुळं हे पत्र तुम्हाला लिहून राहिलो. टेकडी खोदायला ग्रामपंचायतीचं ना हरकत लागते. ते आमच्या ग्रामपंचायतीनं दिलं. कोणी डोक्यावर बंदूक ठेवली नव्हती. कंत्राटदाराच्या माणसानं शेतात जायचा पांदण रस्ता करून देतो म्हटलं, सभामंडपाला पत्रे देतो म्हटलं, आणि मारोतीच्या देवळात एक भंडारा झाला. वांग्याची भाजी चांगली होती. दुसऱ्या दिवशी सचिव माझ्या केंद्रात आले आणि म्हणाले, लवकर टाइप कर. मी टाइप केलं. "सदर गटातून गौण खनिज उत्खनन करण्यास ग्रामपंचायतीची कोणतीही हरकत नाही." पन्नास रुपये घेतले. पांदण रस्ता झाला, त्याच मुरुमाचा, आणि दुसऱ्या पावसाळ्यात वाहून गेला.

हरकत नाही, हे दोन शब्द मी आयुष्यात किती वेळा टाइप केले असतील? दुकानाला हरकत नाही, टॉवरला हरकत नाही, विटाभट्टीला हरकत नाही. "हरकत आहे" असा अर्ज मी कधी लिहिलाच नव्हता. त्याचा नमुनाच माझ्याकडे नाही.

तो तुमच्याकडे आहे. मुंबईहून परत आल्यावर मी तुमच्या टेकडीबद्दल मिळेल ते वाचलं. हँगिंग गार्डनच्या खाली इंग्रजांच्या काळातली पाण्याची मोठी टाकी आहे, दक्षिण मुंबईला पाणी देणारी. महापालिकेनं ती पाडून नवीन बांधायचं ठरवलं, ६९८ कोटींचं काम. त्यात ३८९ झाडं जाणार किंवा हलणार होती. झाडांवर नोटिसा लागल्या. तुम्ही त्या वाचल्या. इथंच माझं वाचन थांबलं, खरं सांगतो. झाडाला लावलेली नोटीस कोणी वाचते, हेच मला नवीन होतं. मग तुम्ही हरकती लिहिल्या, सुनावणीला गेलात, सभा घेतल्या. आयआयटीचे प्राध्यापक आणि तुमच्यातलेच जाणकार अशी समिती नेमली गेली, टाकीचे कप्पे रिकामे करून लोक आत उतरले. आणि शेवटी पाडण्याची गोष्ट मागं पडून दुरुस्तीवर आली. ३८९ झाडं. आकडा गोल करून चारशे नाही लिहिला कोणी. मोजली होती म्हणून.

बाणगंगेचंही वाचलं. जून २०२४ मध्ये गाळ काढण्यासाठी कंत्राटदारानं यंत्र थेट तळ्यात उतरवलं आणि शेकडो वर्षांच्या जुन्या पायऱ्या फुटल्या. गुन्हा दाखल झाला, पायऱ्या पुन्हा बसवायला लावल्या. हे मी गायकीला सांगितलं. त्यानं विचारलं, "किती पायऱ्या?" मी म्हणालो, असतील काही. तो काही बोलला नाही, बिडी काढली आणि टेकडीकडे पाहिलं, जिथं आता पलीकडचं गाव दिसते.

आणखी एक वाचलं ते तर मी केंद्रावर आलेल्या प्रत्येकाला सांगत सुटलो. कमला नेहरू पार्कातून खालची चौपाटी आणि मरीन ड्राइव्ह दिसते, तो देखावा झाकला जाऊ नये म्हणून खालच्या इमारतींच्या उंचीवर बंधन घातलं गेलं. म्हणजे टेकडी तर टेकडी, टेकडीवरून जे दिसते त्यालाही नियम! लोकांना पटेना. एकानं विचारलं, "मग आपल्या टेकडीवरून काय दिसते?" दुसरा म्हणाला, "तुह्यं घर दिसते, त्याले कोण नियम करन?"

तुम्ही म्हणाल, हा माणूस आमच्यावर जळतो. थोडा जळतो. पण तुमची झाडं वाचली याचं मला मनापासून बरं वाटलं, कारण वाचू शकतात हे त्यातून कळलं. आणि टेकडी खचली की काय होते ते तुम्हालाही माहीत आहे. ऑगस्ट २०२० च्या त्या पावसात तुमचा उतार झाडांसकट खालच्या रस्त्यावर आला होता. पाण्याला मलबार आणि वर्धा वेगळं कळत नाही. आमच्या खदानीत आता पाणी साचते, दोन माणसं खोल. तीन वर्षांपूर्वी एक पोट्टा पोहायला उतरला, त्याला म्हशीच्या दोरानं ओढून काढला. वाचला. आता त्याची आई खदानीच्या बाजूनं सरपणालाही जात नाही.

तुमचा आमचा संबंध काय, असंही कोणी विचारेल. तो जुना आहे, टेकडीपेक्षा कापसाचा. १८६१ ला अमेरिकेत यादवी सुरू झाली, तिकडचा कापूस बंद पडला आणि विलायतेच्या गिरण्यांची नजर मुंबईच्या बंदराकडे वळली. त्या बंदरात जो कापूस जाई त्यात वऱ्हाडचा होता, आमच्या हिंगणघाटचा होता. हिंगणघाटच्या बन्नी कापसाचं नाव तेव्हा विलायतेच्या बाजारात होतं. आधी बैलबंड्या, मग १८६७ ला वर्ध्यावरून नागपूरपर्यंत रेल्वे. त्या चार-पाच वर्षांत मुंबईत पैशाचा असा पूर आला की लोक समुद्र बुजवायच्या कंपन्यांचे शेअर घेऊ लागले. १८६५ ला युद्ध संपलं, भाव कोसळले, भलेभले बुडाले. पण मुंबई तेव्हा मोठी झाली ती झालीच, आणि पैसेवाले तुमच्या टेकडीवर बंगले बांधत गेले. आमच्याकडे काय राहिलं? सरकी राहिली म्हणतात आमच्याकडचे म्हातारे. तीही ढेपेत गेली. हे उधारी मागायला सांगत नाही. दीडशे वर्षांची उधारी कोणत्या वहीत सापडणार? आपण अगदीच परके नाही, एवढ्यासाठी सांगितलं.

तुमच्या शेजाऱ्यांबद्दल थोडं. मुख्यमंत्र्यांचा बंगला तुमच्या टेकडीवर. त्याला 'वर्षा' हे नाव दिलं आमच्या पुसदकडच्या वसंतराव नाईकांनी, १९६३ ते १९७५ इतका काळ मुख्यमंत्री राहिलेल्यांनी. पावसाचं नाव कास्तकाराच्या पोरालाच सुचणार. विदर्भानं राज्याला आजवर चार मुख्यमंत्री दिले, त्यामुळं त्या बंगल्याला आमची भाषा कळत नाही असं म्हणता येणार नाही. टेकडीच्या टोकाला राज्यपालांचं निवासस्थान. संविधानाच्या ३७१ (२) कलमात विदर्भाच्या समतोल विकासाची खास जबाबदारी राज्यपालांवर टाकायची तरतूद आहे. त्यासाठीचं वैधानिक विकास मंडळ १९९४ ला आलं आणि ३० एप्रिल २०२० ला त्याची मुदत संपली. या दोन्ही पत्त्यांवर मी आजवर बरेच अर्ज टाइप करून दिले आहेत, लोकांचे. म्हणून या वेळी तिथं न लिहिता शेजारी लिहावं म्हटलं. आमच्याकडे पाटलाकडे काम असलं की आधी त्याच्या शेजाऱ्याच्या ओसरीवर बसतात.

काम हे आहे. गेल्या महिन्यात उरलेल्या अर्ध्या टेकडीवर गोट्यांवर चुन्याच्या खुणा दिसल्या. कोणी केल्या, कोणी सांगत नाही. गावात बोलतात की आता शक्तिपीठ महामार्ग येणार. तो आमच्याच जिल्ह्यातल्या पवनारपासून गोव्याच्या हद्दीवरच्या पत्रादेवीपर्यंत आखला गेला, मूळ आखणीत ८०२ किलोमीटर. त्याच्यासाठीच खुणा आहेत की दुसऱ्या कोणासाठी, मला ठाऊक नाही. चुना मात्र ताजा होता, बोटाला लागला.

१ मेच्या ग्रामसभेत हा विषय येईल, ना हरकतीसाठी. सचिवांनी मला आधीच सांगून ठेवलं, "मजकूर जुनाच आहे, फक्त तारीख बदल." फाइल कम्प्युटरमध्ये आहे. तारीख बदलायला अर्धा मिनिट लागते.

मला दुसरा मजकूर पाहिजे. तुमच्यापैकी ज्यांनी त्या ३८९ झाडांसाठी हरकत लिहिली, त्यांनी तिची एक नक्कल पाठवावी. इंग्रजीत असली तरी चालते, भाचा वाचेल. सुरुवात कशी केली, कोणतं कलम घातलं, किती दिवसांच्या आत द्यायची, कोणाकोणाला प्रत ठेवली, पोच कशी घेतली, सुनावणीला साहेबानं मधेच थांबवलं तर पुढं काय बोललात. वकिलाची फी आमच्याच्यानं होणार नाही. तुमच्यात निवृत्त इंजिनिअर असतील, निवृत्त सचिव असतील. त्यांनी आमच्या फाइलवर एक नजर टाकली आणि कोणता कागद कमी आहे एवढं सांगितलं तरी पुरे. ब्लँकेट नको, वह्या नकोत. त्या आधीच येतात, दर हिवाळ्यात.

एक अडचण विचारतो. तुमचं वाचून आम्हीही झाडं मोजायला गेलो. मी, गायकी आणि शाळेतले चार पोट्टे. पांढऱ्या रंगाचा डबा आणि एक ब्रश. पहिला नंबर माथ्यावरच्या मोहाला टाकला. दोनातला एकच उरला आहे, दुसरा खदानीत गेला. पळस मोजले, धावडे मोजले. सीताफळापाशी भांडण लागलं. गायकी म्हणे, हे झाड कसं, हे तर झुडूप. पोट्टे म्हणत, फळ लागते ना, मग झाडच. मी म्हणालो, कायद्यात पाहावं लागेल. तेवढ्यात २१२ व्या नंबरला रंग संपला. तर कायद्यात झाड कशाला म्हणतात, किती उंचीपासून, बुडाशी किती जाड, हे तुम्हाला माहीत असणार. तुमच्याकडे ३८९ मध्ये सीताफळं धरली होती का?

दुसरा डबा आणला आहे. सध्या मोहफुलं पडून राहिली, पहाटे बाया वेचायला जातात, त्यामुळं मोजणी सकाळी दहानंतर. पुढच्या आठवड्यापर्यंत उरलेली बाजू होईल.

आणि ज्याला यावंसं वाटेल त्यानं १ मेला यावं. समृद्धीनं आलात तर आमच्या टेकडीवरूनच याल, म्हणजे तिच्या गेलेल्या अर्ध्या भागावरून. उतरायचं कुठं ते मी फोनवर सांगीन. जेवण घरी. वांग्याचीच भाजी असेल, पण भंडाऱ्याची नाही.

सोबत निस्तार पत्रकाची नक्कल, जुन्या ना हरकत प्रमाणपत्राची प्रत आणि दोन फोटो जोडले आहेत, एक २०१८ चा, एक परवाचा.

पोच मिळावी ही विनंती.

आपला,
टाइप करणारा,
एक कास्तकार, जिल्हा वर्धा